शुद्धी, लिपी आणि वाचक : तुर्की भाषाक्रांती आणि मराठीचा अनुभव

१

१ नोव्हेंबर १९२८ रोजी अंकारा येथील राष्ट्रसभेने १३५३ क्रमांकाचा कायदा संमत केला आणि तुर्की भाषा यापुढे अरबी लिपीऐवजी लॅटिन मुळाक्षरांवर आधारलेल्या २९ अक्षरांच्या नव्या लिपीत लिहिली जाईल असे ठरविले. १ डिसेंबरपासून वृत्तपत्रे आणि १ जानेवारी १९२९ पासून सर्व पुस्तके नव्या लिपीत छापणे बंधनकारक झाले. लिपीसमितीतील सदस्यांनी या बदलासाठी काही वर्षांचा संक्रमणकाळ सुचविला असता मुस्तफा केमाल यांनी तीन महिन्यांची मुदत दिली, असे समितीचे एक सदस्य फालिह रिफ्की अताय यांनी नोंदविले आहे. ओटोमन अंमलाच्या सहा शतकांत निर्माण झालेले काव्य, इतिहास, न्यायनिवाडे, दफ्तरे आणि खासगी पत्रे यांची लिपी अशा रीतीने एका हिवाळ्यात सार्वजनिक व्यवहारातून बाद झाली.

मराठी वाचकाला ही घटना अपरिचित नाही. सुलतानशाहीचा शेवट (१९२२), प्रजासत्ताकाची घोषणा (१९२३), खिलाफतीचे विसर्जन (१९२४), फेज टोपीवरील बंदी (१९२५) आणि लिपीबदल (१९२८) अशा क्रमाने ती केमाल पाशाच्या सुधारणांच्या यादीत येते, आणि निश्चयी समाजसुधारणेचा नमुना म्हणून या यादीचा हवाला मराठी वैचारिक लेखनात दीर्घकाळ दिला गेला. परंतु यादीत बसविल्यामुळे लिपीबदलाचे वेगळेपण झाकले जाते. टोपी बदलल्याने आजोबांचे पत्र वाचता येईनासे होत नाही. लिपी बदलल्याने होते. म्हणून या घटनेचा विचार सुधारणेच्या इतिहासाइतकाच संहिता आणि वाचक यांच्या नात्याच्या इतिहासातही व्हावयास हवा.

त्याच दशकात मराठीतही भाषाशुद्धीची चळवळ उभी राहिली होती. आणि त्याच सुमारास, निजामाच्या राज्यातील औरंगाबाद शहरात, मराठीवर फारसीचा जो संस्कार झाला त्याचा अभ्यास एका उर्दू विद्वानाच्या हातून सिद्ध होत होता. इस्तंबूल, रत्नागिरी आणि औरंगाबाद या तीन ठिकाणी एकाच काळात एकच प्रश्न तीन प्रकारे हाताळला गेला : भाषेत मिसळलेल्या परक्याचे काय करावयाचे? या तीन उत्तरांची तुलना केली असता भाषाशुद्धीची खरी किंमत गमावलेल्या शब्दांत मोजता येत नाही, ती गमावलेल्या वाचकांत मोजावी लागते, असे दिसून येते.

२

तुर्की भाषासुधारणेचा उगम केमाल यांच्या आधीचा आहे. ओटोमन दरबाराची लिखित भाषा तुर्की वाक्यरचना, फारसी समास आणि अरबी शब्दसंपत्ती यांच्या संयोगातून घडली होती, आणि ती अनातोलियातील शेतकऱ्याला फारशी कळत नसे. एकोणिसाव्या शतकात नामिक केमाल प्रभृती लेखकांना वृत्तपत्राच्या निमित्ताने नवा वाचक मिळवायचा होता आणि म्हणून सोपे गद्य हवे होते. १९११ मध्ये सलोनिका येथील ‘गेंच कालेमलेर’ या नियतकालिकातून ओमर सेय्फेत्तिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ‘नवी भाषा’ या नावाने एक कार्यक्रम मांडला. अरबी-फारसी व्याकरणाचे नियम, म्हणजे त्या भाषांतील समास आणि अनेकवचने, सोडून द्यावीत. पण लोकांच्या तोंडी रुळलेले शब्द मूळचे कुठलेही असोत, ते तुर्कीच समजावेत, अशी ती भूमिका होती. राष्ट्रवादाचे भाष्यकार झिया गोकाल्प यांनी १९२३ च्या आपल्या ग्रंथात हाच विवेक पुरस्कारला. शब्दाचे कूळ तपासण्यापेक्षा त्याचा वापर कोण करतो हे पाहावे, असा त्याचा आशय होता.

१९३२ नंतर हा विवेक मागे पडला. त्या वर्षीच्या जुलैमध्ये तुर्की भाषेच्या संशोधनासाठी मंडळ स्थापन झाले आणि २६ सप्टेंबरला दोल्माबाह्चे राजवाड्यात पहिली भाषापरिषद भरली. शिक्षक आणि सरकारी अधिकारी यांच्यामार्फत गावोगावचे शब्द गोळा करण्यात आले, जुन्या ग्रंथांतून विस्मृत तुर्की शब्द वेचले गेले, आणि १९३४ मध्ये अरबी-फारसी शब्दांसमोर त्यांचे तुर्की पर्याय देणारा एक मोठा संग्रह प्रसिद्ध झाला. एकेका शब्दाला अनेक पर्याय दिलेले असल्यामुळे लेखक आपापल्या पसंतीचा पर्याय वापरू लागले आणि वृत्तपत्रांची भाषा काही काळ संभ्रमाची झाली. त्याच वर्षी स्वीडनच्या युवराजाच्या सन्मानार्थ दिलेल्या भोजनप्रसंगी केमाल यांनी केलेले भाषण नवघटित शब्दांनी इतके भरलेले होते की ते या प्रयोगाच्या टोकाचे उदाहरण म्हणून पुढे वारंवार सांगितले गेले. १९३५-३६ मध्ये ‘सूर्यभाषा सिद्धांत’ मांडला गेला. जगातील भाषांचे मूळ तुर्कीत आहे असे एकदा मानले की कोणताही शब्द परका उरत नाही. त्यामुळे अतिरेकातून सन्मानाने माघार घेण्याची सोय म्हणूनही हा सिद्धांत वापरला गेला, असा अर्थ काही अभ्यासक लावतात.

या सर्व खटाटोपाचे फलित एकरंगी नाही. शाळेला ‘मेक्तेप’ ऐवजी ‘ओकुल’, विमानाला ‘तय्यारे’ ऐवजी ‘उचाक’ हे शब्द पूर्णपणे रुळले. पुस्तकाचा ‘किताप’ मात्र गेला नाही. ‘तारिह’ हा अरबी शब्दही टिकला. तुर्कीत तो दिनांक आणि इतिहास या दोन्ही अर्थी चालतो, आणि राष्ट्राचा नवा इतिहास लिहिण्यासाठी १९३१ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेच्या नावातही तोच शब्द राहिला. ज्यांना इतिहासापासून फारकत हवी होती त्यांना इतिहासाचे नाव बदलता आले नाही.

साक्षरतेचा प्रश्नही नजरेआड करता येत नाही. १९२७ च्या गणनेत तुर्कस्तानातील साक्षरतेचे प्रमाण दहा टक्क्यांच्या आसपास होते. नव्या लिपीने लिहिणेवाचणे सुकर झाले, १९२९ पासूनच्या राष्ट्रीय शाळांमधून प्रौढ स्त्रीपुरुष अक्षरे गिरवू लागले, आणि नाझिम हिकमत यांची मुक्तछंदातील कविता किंवा यशार केमाल यांची १९५५ साली प्रसिद्ध झालेली ‘इंजे मेमेद’ ही कादंबरी या नव्या वाचकवर्गाला सामोरी जाऊ शकली. ज्यांना जुनी लिपी कधीच येत नव्हती त्यांच्याकडून ती हिरावून घेतली गेली असे म्हणणे अतिशयोक्तीचे ठरेल. तरीही एक प्रश्न उरतोच. ऑक्टोबर १९२७ मध्ये केमाल यांनी सहा दिवस, सुमारे ३६ तास, केलेले ‘नुतुक’ या नावाने प्रसिद्ध असलेले भाषण हे प्रजासत्ताकाचे आद्य कथन मानले जाते. १९६३ मध्ये ते तत्कालीन तुर्कीत ‘सोयलेव’ या नव्या नावाने पुन्हा लिहून प्रसिद्ध करावे लागले. आपण घडविलेल्या पिढीशी बोलण्यासाठी स्वतः सुधारकालाच दुभाषा लागला. राज्यघटनेचेही तसेच झाले. १९४५ मध्ये तिची भाषा शुद्ध करण्यात आली आणि १९५२ मध्ये नव्या सत्ताधाऱ्यांनी १९२४ चा मूळ मजकूर परत आणला. शब्दाची निवड ही राजकीय बाजूची खूण बनली. क्रांतीला ‘इन्किलाप’ म्हणणारा आणि ‘देव्रिम’ म्हणणारा हे एकाच वाक्यात परस्परांना ओळखू लागले. इंग्रज अभ्यासक जेफ्री लुईस यांनी १९९९ च्या आपल्या ग्रंथाच्या शीर्षकात या सुधारणेला अनर्थकारी यश म्हटले, ते याच दुहेरी अर्थाने.

३

मराठीतील भाषाशुद्धीला तुर्की उदाहरणाचे अनुकरण समजणे कालदृष्ट्या चुकीचे होय. विनायक दामोदर सावरकर यांचे या विषयावरील लेख ‘केसरी’तून १९२४ पासून येऊ लागले आणि ‘मराठी भाषेचे शुद्धीकरण’ हे पुस्तक त्यानंतर दोन वर्षांनी निघाले. तुर्की लिपीबदल त्यानंतरचा आणि भाषापरिषद तर आणखी पुढची. अर्थात केमाल यांच्या धडाडीविषयी सावरकरांना वाटणारा आदर त्यांच्या विज्ञाननिष्ठ लेखनातून व्यक्त झाला आहे. पण दोन्ही चळवळी एकाच युगप्रवृत्तीची स्वतंत्र फळे होत्या असे म्हणणे अधिक युक्त. साम्राज्ये मोडून राष्ट्रे उभी राहत असताना भाषा ही राष्ट्राच्या देहासारखी कल्पिली गेली, आणि देह म्हटला की शुद्धाशुद्धतेची भाषा आपोआप येते. महाराष्ट्रात तर ‘शुद्धी’ या शब्दाला त्याच दशकात धर्मांतराच्या संदर्भातील अर्थही चिकटला होता. परधर्मातून स्वधर्मात आणणे आणि परभाषेतून स्वभाषेत आणणे या दोन क्रियांना एकच शब्द लाभला, हा केवळ योगायोग नव्हे.

मराठी शुद्धीला आपली पूर्वपरंपराही होती. शिवाजी महाराजांच्या आज्ञेने १६७७ च्या सुमारास सिद्ध झालेला राज्यव्यवहारकोश हा कारभारातील यावनी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा कोश होय. वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’च्या आठव्या खंडाच्या प्रस्तावनेत वेगवेगळ्या काळांतील पत्रांमधले फारसी आणि मराठी शब्द मोजून, शिवकाळानंतर फारसी शब्दांचे प्रमाण घटत गेले असे दाखविले. पण याच परंपरेत शुद्धीच्या मर्यादेचा पुरावाही आहे. कोश सिद्ध झाल्यावरही मराठी राज्याचा प्रधान ‘पेशवा’च राहिला, त्याच्या कचेरीत ‘फडणीस’ आणि ‘चिटणीस’ बसत राहिले, आणि ‘जहागीर’, ‘सरदार’, ‘वसूल’ यांच्यावाचून अठराव्या शतकातील एकही कागद पुरा होत नव्हता. राज्यकर्त्याची इच्छा आणि कारकुनाची सवय यांच्या संघर्षात बहुधा कारकून जिंकतो.

सावरकरांची भूमिका सरसकट बहिष्काराची नव्हती. जी वस्तूच परदेशातून आली तिचे नाव परके राहण्यास त्यांची हरकत नव्हती. आपला शब्द असताना परका वापरणे त्यांना मान्य नव्हते. ‘दिनांक’, ‘महापौर’, ‘हुतात्मा’, ‘दिग्दर्शक’ यांसारखे त्यांच्या नावे सांगितले जाणारे शब्द आज इतके सहज झाले आहेत की त्यांची घडण जाणवतही नाही. नागरी लिपीत स्वरचिन्हे ‘अ’ला जोडून लिहिण्याची त्यांची सूचना मात्र टिकली नाही. तीमागे छपाई आणि टंकलेखन सुलभ करण्याचा हेतू होता, आणि तो हेतू तुर्की सुधारकांचाही होता.

या चळवळीतील सर्वांत बोलके उदाहरण माधव जूलियन यांचे. फारसीचे प्राध्यापक असलेल्या माधवराव पटवर्धनांनी १९२५ मध्ये ‘फार्शी-मराठी कोश’ प्रसिद्ध केला, रुबाया आणि गझल मराठीत आणल्या, आणि पुढे तेच भाषाशुद्धीचे खंदे पुरस्कर्ते झाले. त्यांचा ‘भाषाशुद्धि-विवेक’ १९३८ चा आहे. परक्या शब्दांना हाकलण्यासाठी आधी त्यांची ओळख पटवावी लागते, आणि ती पटविण्याचे सामर्थ्य फारसी जाणणाऱ्याकडेच असते. श्री. के. क्षीरसागर यांनी या पक्षाला विरोध केला. वाङ्मयीन भाषेची जिवंतता ही शब्दांच्या वंशावळीवर अवलंबून नसते, हा विरोधी पक्षाचा मुद्दा गोकाल्प यांच्या भूमिकेजवळचा होता.

तुर्की आणि मराठी शुद्धीतील महत्त्वाचा भेद मात्र दिशेचा आहे. तुर्की शुद्धिवाद्यांनी, निदान तत्त्वतः, आपले पर्याय खेड्यातल्या बोलीत आणि मध्य आशियातील जुन्या तुर्कीत शोधले. मराठी शुद्धिवाद्यांनी ते संस्कृतात शोधले. तेथे ‘शुद्ध’ याचा अर्थ लोकांकडे जाणे असा सांगितला जात होता, येथे तो तत्समाकडे जाणे असा झाला. जोतीराव फुले यांच्या गद्यात कुणब्याच्या तोंडचे जे फारसीमिश्रित शब्द येतात ते या निकषाने अशुद्ध ठरतात आणि त्यांच्या जागी येणारे शब्द त्या कुणब्याला नव्याने शिकावे लागतात. एका अभिजनवर्गाची भाषा काढून दुसऱ्या अभिजनवर्गाची भाषा बसविणे, एवढाच या शुद्धीचा सामाजिक परिणाम अनेक ठिकाणी झाला. १९६० मध्ये स्थापन झालेल्या भाषा संचालनालयाने १९६२ मध्ये पदनाम कोश काढला तेव्हा त्याची ‘बदनाम कोश’ अशी थट्टा झाली. त्या थट्टेतही हीच तक्रार होती : राज्य लोकांच्या भाषेत आले म्हणतात, पण ते लोकांना कळणाऱ्या शब्दांत आले नाही.

४

औरंगाबादचा अनुभव या दोन्हींहून निराळा आहे, आणि म्हणूनच तो तुलनेला आवश्यक आहे. हैदराबाद संस्थान हे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ओटोमन जगाशी भावनेने आणि नात्याने जोडले गेले. १९२४ मध्ये अंकाऱ्याने ज्या अब्दुल मजीद दुसरा या खलिफाला देशाबाहेर काढले त्याच्या उदरनिर्वाहासाठी निजाम मीर उस्मान अली खान यांनी तनखा बांधून दिला. १९३१ मध्ये फ्रान्समधील नीस येथे खलिफाची कन्या दुर्रुशेहवार आणि नात्यातील राजकन्या निलोफर यांचे विवाह निजामाच्या दोन पुत्रांशी झाले. १९४४ मध्ये पॅरिसला मृत्यू पावलेल्या या खलिफाचे दफन अखेर १९५४ मध्ये मदिनेत झाले. औरंगाबादजवळील खुलताबाद परिसरात त्याच्यासाठी बांधली गेली म्हणून ओळखली जाणारी वास्तू रिकामीच राहिली. तुर्कस्तानने जे टाकून दिले त्याला दख्खनने आसरा देऊ केला, असे या घटनांचे वर्णन करता येईल. टाकून दिलेल्या गोष्टींत केवळ एक पद नव्हते. अरबी लिपीत लिहिणारी, फारसी रुचीवर पोसलेली एक लेखनसंस्कृती त्या पदाबरोबर होती, आणि हैदराबादच्या अभिजनवर्गाला ती आपली वाटत होती.

१९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाने उर्दू ही उच्च शिक्षणाची माध्यमभाषा केली. एका भारतीय भाषेतून आधुनिक विज्ञान, कायदा आणि वैद्यक शिकविण्याचा हा प्रयोग, त्यासाठी उभारलेल्या भाषांतर विभागासह, ज्ञानव्यवहाराच्या इतिहासात महत्त्वाचा आहे. या विभागाच्या उभारणीत पुढाकार घेणारे मौलवी अब्दुल हक हे त्यापूर्वीपासून औरंगाबादेत शिक्षण खात्यात होते. १९१२ मध्ये अंजुमन तरक्की-ए-उर्दूचे चिटणीसपद त्यांच्याकडे आले आणि संस्थेचे कार्यालय औरंगाबादेत आले. १९२१ मध्ये ‘उर्दू’ हे त्रैमासिक तेथून निघू लागले. पुढे ते तेथील इंटरमिजिएट कॉलेजचे प्राचार्यही होते. १९३३ मध्ये त्यांचा ‘मरहटी ज़बान पर फ़ारसी का असर’ हा ग्रंथ औरंगाबादहून प्रसिद्ध झाला. इस्तंबूलमध्ये फारसी शब्दांचे पर्याय गोळा केले जात होते आणि रत्नागिरीत त्यांच्या बहिष्काराचा प्रचार चालू होता, त्याच वेळी औरंगाबादेत ते मराठीत कसे आले, त्यांचे उच्चार आणि अर्थ कसे बदलले, याची नोंद केली जात होती. मिश्रण हा येथे दोष नव्हता. तो अभ्यासाचा विषय होता.

तथापि या तिसऱ्या उत्तराकडेही भाबडेपणाने पाहता येत नाही. संस्थानात तेलुगू बोलणारे निम्म्याच्या जवळपास आणि मराठी बोलणारे सुमारे एक चतुर्थांश असताना उर्दू ही अल्पसंख्यांची, पण सत्तेची भाषा होती. मराठी घरातील मुलाला वरच्या वर्गांत गणित आणि इतिहास उर्दूतून शिकावा लागे. अशा स्थितीत मराठीवरील फारसीच्या उपकारांची नोंद, ती कितीही शास्त्रीय असली तरी, राज्यकर्त्याच्या बाजूने उच्चारली जात होती. १९३६ मध्ये नागपूरच्या भारतीय साहित्य परिषदेत हिंदी-हिंदुस्तानीच्या प्रश्नावर अब्दुल हक यांचा गांधीजींशी जो मतभेद झाला त्यातून हेच दिसते की संमिश्रतेचा पुरस्कर्ताही आपल्या भाषेपुरता एकनिष्ठच असतो. १९३८ मध्ये औरंगाबादच्या कॉलेजमधील आणि उस्मानिया विद्यापीठातील विद्यार्थ्यांनी ‘वंदे मातरम्’ म्हणण्याच्या हक्कासाठी लढा दिला, त्यांच्यातील अनेकांना शिक्षणासाठी नागपूरला जावे लागले, आणि १९४३ मध्ये संस्थानातील मराठी लेखकांनी आपली साहित्य परिषद स्थापन केली. या लढ्यांमागे केवळ परधर्मीय राजवटीविषयीचा रोष नव्हता. स्वतःच्या भाषेत शिकण्याचा हक्क नाकारला गेल्याचा अनुभव होता. संमिश्र संस्कृतीचे गोडवे गाताना हा अनुभव वगळला तर ते गोडवे अर्धसत्य ठरतात.

५

परंतु सत्तेच्या भाषेविरुद्धचा न्याय्य असंतोष आणि त्या भाषेच्या खुणा पुसण्याची इच्छा या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. त्या एक मानल्या की प्राचीन मराठी वाङ्मयाचा अर्थच हातून निसटतो. पैठणच्या एकनाथांचे उदाहरण यादृष्टीने निर्णायक आहे. सोळाव्या शतकातील या संतकवीने ‘हिंदू-तुर्क संवाद’ रचला, आणि ‘अर्जदस्त’ या रचनेत मुसलमानी राजवटीतील अर्जाचा साचा घेऊन जीवाचे गाऱ्हाणे परमेश्वराच्या दरबारी मांडले. जमाखर्च, हुजूर, परगणा या कारभारी शब्दांचे अर्थ ज्याला कळत नाहीत त्याला या रचनेतील विनोद आणि आर्तता, दोन्ही कळणार नाहीत. एकनाथांनी ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली, भागवतावर टीका लिहिली, आणि तेच फारसी कारभाराची भाषा भक्तीसाठी राबवू शकले. त्यांना ती परकी वाटली नाही असे नव्हे. परकी असूनही ती आपल्या श्रोत्यांच्या रोजच्या जगण्यात आहे हे त्यांनी ओळखले. बखर या शब्दाचे मूळ अरबी ‘खबर’मध्ये शोधले जाते, आणि बखरींच्या गद्यातील जोम पुष्कळदा संस्कृत आणि फारसी शब्द शेजारीशेजारी बसविण्यातून येतो. शेख महंमदांचा ‘योगसंग्राम’ किंवा शहामुनींचा ‘सिद्धांतबोध’ यांचा विचार करताना शुद्धाशुद्धतेची फूटपट्टी तर सर्वस्वी निरुपयोगी ठरते.

येथेच तुर्की अनुभवाशी सर्वांत खोल साम्य दिसते, आणि ते शब्दांत नसून लिपीत आहे. महाराष्ट्रात १९२८ सारखा कायदा झाला नाही. पण मोडी लिपीचे जे झाले त्याचा परिणाम वेगळा नाही. पत्रे, हिशेब, निवाडे, वतनाच्या सनदा हा मराठी समाजाचा लिखित व्यवहार शतकानुशतके मोडीत चालला. विल्यम कॅरी यांचे मराठी व्याकरण १८०५ मध्ये देवनागरीत छापले गेले, तर त्यांचा १८१० चा मराठी कोश मोडी खिळ्यांत निघाला. म्हणजे छापखान्याच्या प्रारंभी दोन्ही वाटा मोकळ्या होत्या. पुढे छपाईच्या सोयीने आणि शिक्षणखात्याच्या धोरणाने बाळबोध लिपी प्रमाण ठरली, मोडी हातलेखनापुरती उरली, आणि विसाव्या शतकाच्या मध्याला ती शाळेतूनही गेली. पुण्याच्या पेशवे दफ्तरातील कोट्यवधी कागद मूठभर जाणकारांच्या स्वाधीन झाले. तुर्कस्तानात हा छेद एका तारखेला, एका कायद्याने, एका माणसाच्या आग्रहाने पडला. म्हणून त्यावर वाद होऊ शकला, त्याचे समर्थक आणि विरोधक निर्माण झाले, आणि ओटोमन भाषा शाळेत शिकवावी की नाही हा प्रश्न २०१४ मध्ये पुन्हा राजकीय वादाचा विषय होऊ शकला. महाराष्ट्रात तोच छेद सोयीने, हळूहळू, कुणीही निर्णय न घेता पडला. म्हणून त्याची चर्चाच झाली नाही. ज्या गोष्टीचा निर्णय कुणी घेतला नाही तिची जबाबदारीही कुणाची राहत नाही.

मराठवाड्यात तर असे दोन छेद आहेत. मोडीचा एक, आणि सप्टेंबर १९४८ मधील पोलिस कारवाईनंतर उर्दू कारभारातून आणि शिक्षणातून गेली तो दुसरा. उर्दू माध्यमातून शिकलेली मराठी माणसांची एक संपूर्ण पिढी एकाएकी आपल्या शिक्षणाला पारखी झाली. या पिढीने दोन्ही जगे जोडण्याचे जे काम केले त्याचे मोल अद्याप पुरेसे जाणले गेलेले नाही. निलंग्याचे सेतुमाधवराव पगडी यांनी फारसी साधनांच्या आधारे मराठ्यांचा इतिहास लिहिला आणि गालिब व इक्बाल मराठीत आणले. औरंगाबादच्या विद्यापीठात मराठीचे अध्यापन केलेले यू. म. पठाण यांनी संतसाहित्य आणि महानुभाव वाङ्मयाबरोबरच फारसी-मराठी अनुबंधाचाही शोध घेतला. अब्दुल हक यांनी उर्दूच्या बाजूने उघडलेली वाट येथे मराठीच्या बाजूने चालली गेली, आणि सत्तेचे जोखड गळून पडल्यामुळे तिच्यात नोंदीची निःपक्षपाती दृष्टी येऊ शकली. पण अशा अभ्यासकांची साखळी व्यक्तींवर अवलंबून राहिली. ती मराठी विभागांच्या अभ्यासक्रमाची नित्याची बाब झाली नाही.

६

या उपेक्षेची किंमत केवळ विद्वानांनी मोजली असे नाही. २०२३ मध्ये मराठवाड्यातील निजामकालीन कुणबी नोंदी तपासण्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली, तेव्हा हजारो कुटुंबांचा प्रश्न मोडी आणि उर्दू अक्षरे वाचू शकणाऱ्या थोड्याशा माणसांपाशी येऊन थांबला. नातवाची जात, जमीन आणि हक्क ज्या कागदावर नोंदलेले होते तो कागद त्याला वाचता येत नव्हता. ज्या भाषेत तो लिहिला होता तिला परकी समजण्याचे शिक्षण मात्र त्याला मिळाले होते. भाषाशुद्धीचा वाद हा साहित्यिकांचा रुचिवाद आहे अशी समजूत या एका प्रसंगाने निकालात काढली.

नावांच्या बाबतीतही हाच धडा आहे. १९३० मध्ये तुर्कस्तानने परदेशी पत्रव्यवहारातून कॉन्स्टँटिनोपल हे नाव हटवून इस्तंबूल हेच नाव वापरावे असा आग्रह धरला. पण इस्तंबूल हा शब्दही ‘नगराकडे’ अशा अर्थाच्या ग्रीक शब्दसमूहापासून आला आहे असे मानले जाते. राष्ट्राने आपले म्हणून स्वीकारलेले नाव आधीच संमिश्र होते. औरंगाबादचे २०२३ मध्ये छत्रपती संभाजीनगर झाले, त्यामागील भावना आणि त्याविरुद्धच्या भावना या दोहोंना इतिहास आहे. परंतु शहराच्या आत पाहिले तर बेगमपुरा, औरंगपुरा, उस्मानपुरा आणि पुंडलिकनगर ही नावे एकाच नकाशावर नांदतात. ‘बेगम’ तुर्की, ‘पुरा’ संस्कृत. बेगमपुरा हा सामासिक शब्द कोणत्याही शुद्धिवाद्याच्या परीक्षेत उत्तीर्ण होणार नाही, आणि तरी तेथे राहणाऱ्याला तो आपल्या घराचा पत्ता वाटतो. पुंडलिकनगर आणि उस्मानपुरा यांच्यातील अंतर रिक्षाने काही मिनिटांचे आहे. मराठी वाङ्मयेतिहासात ते अनेकदा दोन वेगळ्या संस्कृतींमधील अंतर म्हणून रंगविले गेले.

तुर्की उदाहरणातून निघणारा निष्कर्ष जुनी भाषा परत आणावी असा नाही. ती परत येत नाही, आणि जी बहुसंख्यांना कधीच कळत नव्हती ती परत आणण्यात न्यायही नाही. नवे शब्द घडविणे हा प्रत्येक भाषेचा अधिकार आहे. ‘ओकुल’ आणि ‘दिनांक’ यांनी कुणाचे नुकसान केले नाही. नुकसान होते ते नवा शब्द जुन्या शब्दाला शत्रू ठरवितो तेव्हा, आणि त्याच्याबरोबर जुना कागद वाचण्याची गरजच नाहीशी झाली असे मानले जाते तेव्हा. प्रमाणभाषेचे धोरण आणि पुराभिलेखाचे वाचन ही दोन स्वतंत्र कर्तव्ये आहेत. पहिले पार पाडताना दुसरे सोडून देण्याची सक्ती कोणत्याही राष्ट्रावर नसते. तुर्कस्तानने ते कायद्याने सोडले, मराठीने ते आळसाने सोडले. कायद्याने सोडलेल्याचा हिशेब तुर्की समाज शंभर वर्षे मांडतो आहे. मराठीचा हिशेब अजून सुरूही झालेला नाही, आणि मोडी व उर्दू वाचणारी पिढी मावळत असताना तो सुरू करण्यासाठी उरलेला अवधी फार मोठा नाही.